कोर्टाचा स्टे आहे म्हणे, मग अ‍ॅडमिशन घेऊ का?

प्रश्न: ताई, बी.एड.ची सीईटी दिलीये. जवळच्या एका कॉलेजची एनसीटीईची, म्हणजे राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेची, मान्यता काढली होती असं मैत्रिणीकडून कळलं. ऑफिसात विचारलं तर म्हणाले, "मॅडम, हायकोर्टाचा स्टे आहे, बिनधास्त फी भरा." भरू का?

उत्तर: आधी स्टेच्या ऑर्डरची कॉपी माग. तोंडी "स्टे आहे" याला काही अर्थ नाही गं, आणि कॉपी दाखवायला टाळाटाळ झाली तर तिथेच समजून घे काय ते.

आता स्टे म्हणजे काय, तर मान्यता काढायच्या ऑर्डरची अंमलबजावणी तेवढ्यापुरती थांबवली, इतकंच. ऑर्डर रद्द करणं वेगळं आणि स्थगिती वेगळी, स्थगितीने ऑर्डर पुसली जात नाही, हे सुप्रीम कोर्टाने 1992 सालीच सांगून ठेवलंय. म्हणजे उद्या कॉलेजची याचिका फेटाळली की कॉलेज परत होतं तिथेच, आणि तू मात्र दुसऱ्या वर्षाची फी भरून बसलेली. बरेचदा ऑर्डरमध्येच लिहिलेलं असतं की प्रवेश याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील, ती ओळ आहे का ते नीट बघ, कारण माहितीपत्रकात ती कधीच नसते!

एनसीटीई कायदा 1993 चा आहे, त्यातलं कलम 17 मान्यता काढण्याबद्दल. त्यात एक बरी सोय आहे, मान्यता काढली तरी ती ऑर्डर पुढचं शैक्षणिक सत्र संपल्यावर लागू होते, त्यामुळे आधीपासून शिकणारी मुलं सहसा मधेच लटकत नाहीत. पण ती लागू झाल्यानंतर घेतलेली पदवी सरकारी किंवा अनुदानित शाळेतल्या नोकरीला चालत नाही, हेही त्याच कलमात आहे. आणि "मुलांचं नुकसान होईल" म्हणून कोर्ट सांभाळून घेईल या भरवशावर तर अजिबात राहू नकोस. आदर्श शिक्षा महाविद्यालयाच्या 2012 च्या निकालात सुप्रीम कोर्टाने हायकोर्टांनाच बजावलं की मान्यता नसलेल्या संस्थांच्या मुलांना परीक्षेला बसू देण्यासाठी अंतरिम आदेशाच्या मागण्या ऐकू नका.

ऑर्डरवर केस नंबर असतो, तो हायकोर्टाच्या साइटवर टाकून पुढची तारीख बघ. विद्यापीठाकडून या वर्षाची संलग्नता आहे का तेही विचार. माझं मत विचारशील तर दुसरं कॉलेज मिळत असेल, थोडं लांब असलं तरी, ते घे.

प्रश्न: आम्ही संस्थाचालक. तपासणी पथकाने सगळं उत्तम असल्याचं सांगितलं, तरी एनसीटीईच्या विभागीय समितीने मान्यता नाकारली. थेट हायकोर्टातून मान्यता मिळेल का?

उत्तर: थेट मान्यता? सहसा नाही. पथक तोंडी काय बोललं ते सोडा, निर्णय समितीचा असतो. आधी एनसीटीई कायद्याच्या कलम 18 खाली अपील करा, 60 दिवसांची मुदत आहे, ती चुकवून कोर्टात गेलात तर पहिला प्रश्न तोच येणार. कोर्ट इमारत, लायब्ररी मोजायला बसत नाही, ते बघतं की शो-कॉज नोटीस दिली होती का, तुमचं उत्तर वाचलं का, नाकारायची कारणं लिहिलीत का. यात समिती चुकली असेल तर ऑर्डर रद्द होऊन प्रकरण परत समितीकडेच जातं, "नव्याने विचार करा" म्हणून. म्हणजे फाइल पक्की नसेल तर जिंकूनही तुम्ही त्याच टेबलासमोर.

कोर्ट त्याहून खोल शिरलंय ते आपल्याच राज्यामुळे. महाराष्ट्रातल्या डी.एड. कॉलेजांच्या मान्यतांचा वाद सुप्रीम कोर्टात गेला आणि 2011 मध्ये कोर्टाने न्या. जे. एस. वर्मा यांचा आयोगच नेमला. त्याचा अहवाल 2012 ला आला, 2014 ला नवे नियम आले आणि एका वर्षाचं बी.एड. दोन वर्षांचं झालं. आजची मुलं दोन वर्षं का शिकतात याचा एक धागा त्या केसपर्यंत जातो बघा.

प्रश्न: एनसीटीईची मान्यता असताना राज्य सरकार कॉलेजला नाही म्हणू शकतं का?

उत्तर: नाही. संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाच्या केसमध्ये 2006 ला महाराष्ट्र सरकार याच मुद्द्यावर हरलं. मान्यता द्यायच्या आधी एनसीटीई राज्याचं मत मागवते, तेव्हा सरकारने काय ते बोलावं.