जर्मनीचं रेसिडेन्स परमिट एजंटशिवाय काढता येईल का?

दीड लाख देऊ नका. आता सविस्तर सांगते.

तुम्ही लिहिलंय की पुण्याहून जर्मनीतल्या कंपनीत जाताय, पासपोर्टवर सहा महिन्यांचा डी व्हिसा (लांब मुक्कामाचा) लागलाय, जर्मन ‘गुटेन टाग’च्या पुढे येत नाही, मिस्टर चार महिन्यांनी येणार आहेत आणि एक एजंट ‘परमिट पॅकेज’चे दीड लाख मागतोय. मी जानेवारी २०२२ मध्ये अगदी अशीच आले. मिस्टर नव्हते एवढाच फरक. सॉफ्टवेअर टेस्टिंगची नोकरी, तीच सहा महिन्यांची मुदत, तीच धाकधूक.

आधी पैशांचं बघू. डी व्हिसाचे ७५ युरो तुम्ही भरलेच असतील. तिथे गेल्यावर परमिटच्या कार्डाची सरकारी फी १०० युरो. संपलं. दोन्ही हातांच्या तर्जनीचे ठसे तुम्हालाच जाऊन द्यावे लागतात, सही तुमचीच लागते, आणि कागद गोळा करायला एजंट तुम्हालाच सांगणार. मग दीड लाखात तो नेमकं काय करणार, हे त्याला एकदा विचाराच. २०२४ मध्ये महाराष्ट्र सरकारने बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला, तेव्हापासून आमच्या इचलकरंजीतसुद्धा ‘जर्मनी’ लिहिलेल्या पाट्या लागल्यात. सगळेच लबाड आहेत असं म्हणत नाही. पण तुमच्या हातात नोकरी आणि व्हिसा दोन्ही आहे. अवघड घाट तुम्ही चढून आलात, आता राहिलाय तो उतार.

या उतारावर माणूस घसरतो ते पत्त्यावरून. परमिट म्हटलं की सगळे पगाराची अट, डिग्रीची मान्यता असल्या मोठ्या गोष्टींची चिंता करतात. ती चिंता व्हिसाच्या वेळीच मिटलेली असते. जर्मनीत सरकारच्या लेखी तुम्ही जन्माला येता ते पत्ता नोंदवल्यावर. घरात राहायला गेल्यापासून दोन आठवड्यांच्या आत ब्युर्गरआम्ट नावाच्या नागरी कार्यालयात जाऊन ‘आनमेल्डुंग’ करायचं, म्हणजे पत्त्याची नोंद. त्याशिवाय कर क्रमांक येत नाही, आणि परमिट देणारं परदेशी नागरिकांचं कार्यालय, ज्याला सगळे आउसलेंडरबेहर्डे म्हणतात, ते कुठल्या गावचं हेच ठरत नाही. तुम्ही ज्या गावात नोंदलेले, त्याच गावचं कार्यालय तुमचं.

या नोंदणीला घरमालकाची सही असलेला एक कागद लागतो: वोनुंग्सगेबरबेष्टेटिगुंग. (हा शब्द मला तीन महिन्यांनी एका दमात म्हणता आला.) भाडेकरार दाखवून भागत नाही, हा वेगळा कागद हवाच. आणि महिना-दोन महिन्यांसाठी फर्निचरसकट खोल्या देणारे पुष्कळ लोक तो द्यायला तयार नसतात. म्हणून पुण्यात बसून खोली ठरवताना पहिला प्रश्न भाड्याचा विचारू नका. ‘इथे आनमेल्डुंग होईल का?’ हे विचारा, लेखी उत्तर घ्या आणि मगच पैसे पाठवा. ‘नंतर बघू’ असं उत्तर आलं तर ते ‘नाही’ समजायचं. कंपनी सुरुवातीची राहायची सोय करणार असेल तर एचआरलासुद्धा हेच विचारा. त्यांना बऱ्याचदा माहीत नसतं.

आता माझा घोळ सांगते, कारण तो फुकट टाळता येतो. मला खोली मिळाली, मालकाचा कागद मिळाला, नोंदणी झाली. मी एका जर्मन बाईंच्या घरात पोटभाडेकरू होते. मला वाटलं जिंकलं. फेब्रुवारी संपला, कर क्रमांकाचं पत्र येईना. एप्रिलमध्ये परमिटसाठी ऑनलाइन अर्ज केला, त्याचंही उत्तर येईना. ऑफिसमधला एक सहकारी एकदा घरी आला आणि दारातच थबकला. म्हणाला, तुझं नाव कुठाय? खालच्या टपालपेटीवर फक्त घरमालकीणबाईंचं आडनाव होतं. इथे पत्त्यात बहुधा फ्लॅट नंबर नसतो. रस्ता, इमारतीचा क्रमांक, गाव, बस. पोस्टमन पेटीवरचं नाव वाचतो, आणि नाव नसेल तर पत्र परत. ‘पाटलांची मुलगी ना, वरच्या मजल्यावरची?’ असं म्हणून पत्र हातात देणारा आपला पोस्टमन इथे नाही. कर क्रमांकाचं पत्र परत गेलं होतं, आणि ठसे द्यायला ज्या तारखेला बोलावलं होतं ते पत्रही. ती तारीख केव्हाच उलटली होती. पुढची मिळाली ऑगस्टमधली, आणि माझा व्हिसा संपत होता जुलैत.

दरम्यान कर क्रमांक नाही म्हणून पगारातून कर सगळ्यात चढ्या दराने कापला गेला. तो वर्षअखेरीच्या हिशेबात परत आला, पण तोवर मी घरी ‘इथे काही उरतच नाही गं’ असं सांगत होते आणि आई तिकडून ‘मग परत ये’ म्हणत होती.

व्हिसा जुलैत संपणार आणि भेटीची तारीख ऑगस्टची, म्हणजे मी मधले दिवस बेकायदा? नाही. तुमच्या प्रश्नातली सगळ्यात मोठी भीती हीच दिसते, म्हणून नीट वाचा. जर्मन निवास कायद्याच्या कलम ८१, पोटकलम ४ प्रमाणे, व्हिसा संपायच्या आत अर्ज केलेला असेल तर निर्णय होईपर्यंत जुना व्हिसा त्याच्या सगळ्या हक्कांसह चालू धरला जातो. नोकरीही चालू राहते. महत्त्व अर्जाच्या तारखेला आहे, भेटीच्या तारखेला नाही. एक दिवस उशीर झाला की हे कवच आपोआप मिळत नाही, मग अधिकाऱ्याच्या मर्जीवर. म्हणून भेट मिळत नाही म्हणून हातावर हात ठेवून बसू नका. पोचल्यावर आठ-दहा आठवड्यांत ऑनलाइन किंवा ईमेलने अर्ज टाका आणि त्याची पोच जपून ठेवा, पीडीएफ करून आणि छापूनही. काही शहरांत भेटीच्या वेळा पैसे घेऊन विकणारे लोक आहेत, त्यांच्या नादी लागू नका.

या मधल्या काळासाठी कार्यालय एक कागद देतं: फिक्त्सिओन्सबेशायनिगुंग, फी १३ युरो. ‘तुम्ही इथे कायदेशीर आहात असं आम्ही मानून चालतो’ असा त्याचा भावार्थ. आपोआप मिळेलच असं नाही, मागावा लागतो. हातात आल्यावर आतल्या पानावर पोटकलम ४ च्या चौकटीत खूण आहे ना ते तिथल्या तिथे पाहा. पोटकलम ३ ची खूण असलेल्या कागदावर देशाबाहेर जाऊन परत येता येत नाही. मी तो कागद घेऊन गणपतीला घरी गेले. येताना मुंबईच्या चेक-इन काउंटरवरच्या मुलीने तो उलटसुलट करून पाहिला आणि साहेबांना बोलावलं, त्या साहेबांनी आणखी एका साहेबांना. चाळीस मिनिटं मी मोदकांचा डबा धरून उभी. शेवटी तिकडे फोन झाला आणि सोडलं. फ्रँकफर्टच्या अधिकाऱ्याने मात्र दहा सेकंदांत शिक्का मारला. जावंच लागलं तर थेट विमान घ्या आणि संपलेला व्हिसा असलेला पासपोर्ट, हा कागद आणि नोकरीचा करार एकाच पिशवीत ठेवा. नाहीतर कार्ड येईपर्यंत जाऊच नका, हे माझं प्रामाणिक मत. मी परत तसं करणार नाही.

आता अर्जाचे कागद. पासपोर्ट, आनमेल्डुंगचा दाखला, भाडेकरार, नोकरीचा करार, अलीकडच्या तीन पगारपावत्या, आरोग्यविम्याचं प्रमाणपत्र, डिग्री, आणि कंपनीने भरून द्यायचा नोकरीच्या तपशिलाचा फॉर्म. हा शेवटचा फॉर्म एचआरकडे लवकर द्या. माझ्या वेळी एचआरची बाई तीन आठवडे सुट्टीवर होती आणि तिच्या जागी कोणी नव्हतं, इथे ते अगदी नॉर्मल आहे. फोटोचं बदललंय: २०२५ पासून कागदी फोटो बंद झाले आणि डिजिटल सुरू झाले. पुण्यातून पासपोर्ट फोटोंचं पाकीट भरून नेऊ नका. तिथे कार्यालयातच यंत्र असतं किंवा मान्यताप्राप्त फोटोग्राफरकडे काढता येतो.

आपल्या मराठी माणसांची एक खास अडचण म्हणजे मधलं नाव. पासपोर्टवर ‘गिव्हन नेम’च्या ओळीत माझं आणि बाबांचं अशी दोन नावं आहेत. जर्मन फॉर्ममध्ये ती दोन्ही माझी पहिली नावं झाली. विमा कंपनीने फक्त माझं घेतलं, बँकेने दोन्ही घेतली, आणि एका खात्याने तर मला बाबांच्याच नावाने पत्र पाठवलं, वर ‘श्रीमती’ लावून. हसू आलं, पण परमिटच्या टेबलावर या सगळ्याचा खुलासा करण्यात वीस मिनिटं गेली. पहिल्या दिवसापासून सगळीकडे पासपोर्टवर जसं आहे तसंच्या तसं नाव लिहा. लग्नानंतर तुम्ही आडनाव बदललं असेल आणि डिग्री माहेरच्या नावाची असेल तर विवाह प्रमाणपत्राची प्रत सोबत ठेवा. आणि पासपोर्टची मुदत पाहा. कार्डाची मुदत पासपोर्टच्या पुढे जात नाही. दोनच वर्षं उरली असतील तर निघायच्या आधी नवा करून घेणं सोपं.

तुम्हाला कुठलं परमिट मिळणार हे तुम्ही लिहिलं नाही. डिग्री आणि पगार बसत असेल तर ब्लू कार्डच मागा, म्हणजे डिग्री आणि ठरावीक पगार असलेल्या परदेशी नोकरदारांचं खास परमिट. २०२५ साली त्याची वार्षिक पगाराची मर्यादा ४८,३०० युरो होती, आयटीसारख्या मनुष्यबळाची टंचाई असलेल्या क्षेत्रांत ४३,७५९.८०. दर जानेवारीत आकडा बदलतो. ब्लू कार्डावर तुमच्या मिस्टरांचंही सोपं आहे: जोडीदाराला व्हिसासाठी जर्मन भाषेची ए-वन (अगदी पहिल्या पातळीची) परीक्षा लागत नाही, आणि आल्यावर लगेच कुठलीही नोकरी करता येते. कुशल कामगारांच्या साध्या परमिटवरही आता ही परीक्षा मागत नाहीत.  घर दोघांना पुरेल असं बघा, तुमच्याच सोयीसाठी.

ठसे दिल्यावर कार्ड बर्लिनच्या सरकारी छापखान्यात तयार होऊन येतं. मला सात आठवडे लागले. सोबत हिरवट रंगाची एक पुरवणी मिळते, तिच्यावर नोकरीच्या अटी असतात. ती भाषांतर करून वाचा. नोकरी मुदतीआधी सुटली तर दोन आठवड्यांत कार्यालयाला कळवणं बंधनकारक आहे. पहिल्या वर्षात ब्लू कार्डवर नोकरी बदलायची तरी आधी कळवा. आणि आईवडिलांच्या आजारपणासाठी भारतात लांब मुक्काम करायची वेळ आली तर लक्षात ठेवा: साधं परमिट सहा महिने बाहेर राहिल्यावर रद्द होतं, ब्लू कार्डाला बारा महिन्यांची सवलत आहे.

भाषेचं म्हणाल तर टेबलापलीकडच्या बाईंना इंग्रजी येत असलं तरी त्या बोलतीलच असं नाही. पहिल्या भेटीला जर्मन येणारा सहकारी घेऊन जा, त्याला जेवण द्या, एजंटपेक्षा स्वस्त पडतं. पण शिकायला लगेच लागा. ब्लू कार्डवर ए-वन असेल तर २७ महिन्यांनी कायमच्या वास्तव्याचा अर्ज करता येतो, बी-वन (दोन पायऱ्या वरची पातळी) असेल तर २१ महिन्यांनी. त्याला ‘जर्मनीतील जीवन’ नावाची परीक्षाही लागते, ३३ प्रश्नांची. प्रश्नसंच उघड आहे, ३०० सामायिक आणि १० तुमच्या राज्याचे, बसमध्ये जाता-येता पाठ झाले. मी पुण्यात मॅक्समुलर भवनात ए-वन केलं होतं आणि इथे संध्याकाळच्या वर्गात बी-वन. २०२४ मध्ये कायमचं कार्ड हातात आलं, तेव्हाही एजंट नव्हता.

निघण्याआधी एक काम मात्र पुण्यातच उरका. तुमचं नाव, पासपोर्टवरच्या स्पेलिंगने, चिकटपट्टीवर छापून घ्या. चार-पाच पट्ट्या, मिस्टरांच्या नावाच्याही. हातातल्या सामानात ठेवा, आणि घराची किल्ली मिळाली की बॅगा वर नेण्याआधी टपालपेटीवर लावा. मग घंटीवर.