दुतोंड्या मारुतीची गोष्ट वर्गात कशी सांगावी?

प्रश्न : गोदावरीवरच्या गंगापूर धरणातून अमुक क्युसेक पाणी सोडले म्हटले की मुलांचे चेहरे कोरेच. पण 'मारुतीच्या छातीला पाणी' म्हटले की सगळे कान टवकारतात. गोष्टीवर भागेल का? – एक शिक्षिका, पंचवटी

उत्तर : सुरुवात मारुतीपासूनच करा. नाशिककर गोदाघाटावरच्या या मूर्तीच्या गुडघ्या-कमरेवरूनच गोदेचा पूर ओळखतात. मग आकडा चित्रात बदला. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला सुमारे 28 लिटर. 10,000 क्युसेक म्हणजे दर सेकंदाला दहा हजार लिटरचे 28 टँकर!

मुलांना घरी आजी-आजोबांना विचारू द्या : 1969, 2008, 2016 च्या पुरात पाणी कुठल्या पायरीला होते? उत्तर दोन घरांतून जुळले तरच नकाशावर खूण करा, कारण आठवणीतला पूर दरवर्षी थोडा चढतो.

गोष्ट फसते ती 'गंगामाई (म्हणजे गोदावरी) कोपली' इथे. कोप म्हटले की धरणाचा विसर्ग, शहरातल्या नाल्यांचे पाणी, पात्रातली अतिक्रमणे, कुणाचाच हिशेब उरत नाही. पात्र आक्रसले की तेवढ्याच विसर्गाला पाणी जास्त चढते. म्हणून जुनी आणि आजची 'कमरेइतकी' पातळी सारखी धरू नका. खुणेशेजारी विसर्गाचा आकडा आणि वेळ लिहाच. आणि हे सारे पावसाळ्याआधी करा, पुरात घाटावर मुलांना नेऊ नका.