मांगातली तरुण आई: सुरुवात कुठून करावी

मांगा म्हणजे जपानी कॉमिक्स. त्यात आई कोण आणि ताई कोण हेच कळत नाही, हा गोंधळ नव्या वाचकांचा नेहमीचाच. मांगात सुरकुत्या फारशा काढत नाहीत, त्यामुळे चेहऱ्यावरून वय ओळखायला जाऊ नका. एप्रन, केसांची ठेवण, जेवताना कोण वाढतंय, कोण कुणाला दटावतंय हे बघा.

सुरुवात 'क्रेयॉन शिन-चान'पासून करा. १९९० मध्ये ही मालिका मोठ्यांच्या साप्ताहिकात सुरू झाली, म्हणून टीव्हीपेक्षा बरीच चावट आहे. लहानांच्या हाती देऊ नका. पण छोट्या शिनची आई मिसाए मात्र नीट वाचा. वय २९. सेल लागला की धावते, नवऱ्याच्या नकळत पैसे साठवते, चिडली की दोन्ही मुठी शिनच्या डोक्याला लावून गरगरा फिरवते. नवरा हिरोशी ऑफिसात आणि घरी हे कार्टं, हे लक्षात ठेवून वाचलं की तिचा वैताग पटतो.

मग माचिको हासेगावांची 'साझाए-सान' (१९४६ पासून). लग्न झालेली, मूल असलेली साझाए माहेरीच राहते, नवरा सासुरवाडीत, आणि तिच्या मुलाचा मामा अजून शाळेत! एवढं भरलेलं घर आपल्याला लगेच कळतं.

सुरुवातीच्या चुका:
- मुखपृष्ठ बघून खरेदी. तरुण आईच्या नावावर निव्वळ प्रौढांसाठीचंही बरंच विकलं जातं; वयोगट आधी तपासा.
- चौकटी डावीकडून वाचणं. उजवीकडून वाचा, साझाएच्या चार चौकटी वरून खाली.
- पहिल्याच भागात आईला चांगली-वाईट ठरवणं. निदान एक खंड पुरा होऊ द्या.