सहा बदाम आणि हनुवटीवरचे दोन मुरूम

आईने फोनवर एवढंच सांगितलं होतं, "मॅडम, मुलगी नीट जेवत नाही. रोज ताटावरून वाद होतो." मुरमांचा उल्लेखही नव्हता. त्यामुळे एकोणीस वर्षांची ती मुलगी समोर येऊन बसली आणि तिने पिशवीतून जाड पुठ्ठ्याची वही काढली, तेव्हा मला ती डायरी वाटली. वही माझ्याकडे सरकवत ती म्हणाली, "आधी हे बघा. मग सांगा, मी वेडी आहे का."

(ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत, आणि हे लिहिण्याआधी तिला विचारलं आहे.)

पट्टीने आखलेले तीन रकाने होते. तारीख, सुकामेवा, नवे मुरूम. "१२ तारीख – बदाम ६, काजू २. १३ तारीख – हनुवटीवर १, डाव्या जबड्याजवळ १." अशी अकरा पानं. मुरमांचा आकडा लाल पेनाने लिहिलेला, आणि काही ठिकाणी पेन इतकं दाबून फिरवलेलं की आकडा मागच्या पानावर उमटला होता.

"प्रत्येक वेळी, मॅडम. खाल्लं की दुसऱ्या दिवशी येतोच."

इथे मी चुकले. "अगं, बदामाने कुठे पिंपल येतात! उलट त्वचेला चांगले असतात," असं म्हणून मोकळी झाले. तिने वही मिटली, पिशवीत टाकली आणि उरलेला पाऊण तास 'हो', 'नाही', 'बघते' एवढ्यावर भागवला. अकरा पानांचा पुरावा घेऊन आलेल्या माणसाला दीड वाक्यात उडवून लावलं की तो बारावं पान लिहायला घरी जातो. तशी ती गेली.

पुढच्या भेटीत मीच वही मागितली. म्हटलं, "मागच्या वेळी माझं चुकलं. मी वाचलीच नाही. आज दोघी मिळून वाचू." तिने जरा संशयानेच वही दिली.

वाचताना पहिल्यांदा जाणवलं ते वहीत नसलेलं. फक्त सुकामेवा खाल्लेले दिवस होते आणि त्यांचे दुसरे दिवस. बाकीच्या तारखा गायब. मी विचारलं, "न खाल्लेल्या दिवसांचं कुठे लिहिलंयस?" ती म्हणाली, "ते कशाला लिहायचं? तेव्हा काही खाल्लंच नव्हतं ना." पण रोज सकाळी ती फोनवर हनुवटीचा फोटो काढत असे. मी सुकामेवा पूर्ण बंद असलेले दोन आठवडे निवडायला सांगितले आणि आम्ही एकेक फोटो मोठा करून पाहिला. चौदा दिवसांपैकी पाच दिवशी नवा मुरूम होता. ती बराच वेळ फोन धरून बसली. मग हळूच म्हणाली, "हे मी मोजलेच नव्हते."

ज्याचा चेहरा मुळातच मुरमाळ आहे, त्याला आठवड्यातून दोन-तीन नवे मुरूम येतच असतात. अशा वेळी कुठल्याही पदार्थावर संशय धरा, तो कधी ना कधी गुन्ह्याच्या जागी सापडणारच.

दुसरी गोष्ट मला त्वचारोगतज्ज्ञ मैत्रिणीने पूर्वीच समजावली होती, ती मी तिला कागदावर काढून दाखवली. त्वचेत जिथून केस उगवतो ती बारीक नळी, तिला चिकटलेली तैलग्रंथी. वयात येताना अँड्रोजन संप्रेरकं वाढतात आणि ग्रंथी जास्त तेल सोडते. नळीच्या आतल्या मृत पेशी सुटून बाहेर पडण्याऐवजी एकमेकींना चिकटतात आणि तोंड बुजतं. आत तेल साठतं, तिथे राहणारे क्युटिबॅक्टेरियम अ‍ॅक्नेस हे जिवाणू वाढतात, मग सूज येते, लाली येते, पू होतो. ही सुरुवातीची गुठळी डोळ्यांना दिसतही नाही. तिथपासून आरशात दिसणाऱ्या मुरमापर्यंत यायला काही आठवडे जातात, साधारण आठच धर. मी तिला विचारलं, "मग १३ तारखेला आलेल्या मुरमाचा पाया कधी घातला गेला असेल?" तिने बोटांवर मोजलं. ते दिवस तिच्या वहीच्याही आधीचे होते.

आत तयार होऊन बसलेल्या गुठळीला सूज मात्र लवकर येऊ शकते, हेही मी तिला सांगितलं. एकदा उडवून लावल्यावर आता तिच्यापासून काही लपवायचं नव्हतं.

आणि मग तो मधला रकाना. 'सुकामेवा' हा आपल्या भाषेतला फार ऐसपैस शब्द आहे. त्यात बदाम-अक्रोड बसतात, मनुका, खजूर आणि अंजीरही बसतात. तिच्या वहीत सगळे एकाच रकान्यात होते. खरं तर हे दोन वेगळे गट आहेत. १०० ग्रॅम बदामात साखर असते चार-पाच ग्रॅम, तेवढ्याच मनुकांत साठेक. तिच्या सुकामेव्याच्या डब्यात काय काय असतं, असं विचारल्यावर यादी लांबत गेली: मधात घोळवून भाजलेले काजू, चॉकलेटचं आवरण असलेले बदाम, मनुका. नुसते बदाम असे फार थोडे दिवस.

हा फरक महत्त्वाचा आहे, कारण आहार आणि मुरूम यांचा जो काही संबंध अभ्यासांत त्यातल्या त्यात ठळक दिसतो, तो रक्तातली साखर झपाट्याने वाढवणाऱ्या खाण्याशी. ऑस्ट्रेलियात १५ ते २५ वयाच्या ४३ मुलग्यांवर झालेला एक अभ्यास २००७ साली प्रसिद्ध झाला. १२ आठवडे कमी ग्लायसेमिक भाराचा, म्हणजे रक्तातली साखर फारशी न चढवणारा, आहार घेणाऱ्या गटातले मुरूम दुसऱ्या गटापेक्षा जास्त कमी झाले. त्या मुलांचं वजनही उतरलं होतं, त्यामुळे सगळं श्रेय नक्की कशाला द्यायचं हा प्रश्न उरतोच. पण यामागचं कारण पटण्यासारखं आहे. साखर चढली की इन्सुलिन वाढतं, त्याबरोबर आयजीएफ-१ नावाचा वाढीचा घटक वाढतो, आणि तैलग्रंथींना जोर येतो. या हिशेबात साधे बदाम, अक्रोड, पिस्ते निर्दोष ठरतात. त्यांचा ग्लायसेमिक इंडेक्स, म्हणजे पदार्थ रक्तातली साखर किती झपाट्याने चढवतो ते सांगणारा शंभरच्या पट्टीवरचा आकडा, खूप खाली असतो. शेंगदाण्याचाही १५च्या आसपास, आणि शेंगदाणा तर वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने डाळींचा भाऊबंद.

"पण तेल असतं ना त्यात?" हा तिचा पुढचा प्रश्न, आणि तो मी जवळजवळ प्रत्येक मुरूमवाल्याकडून ऐकते. खाल्लेलं तेल पाइपातून आल्यासारखं चेहऱ्यावर येत नाही. ग्रंथी आपलं तेल स्वतः बनवते, आणि किती बनवायचं ते प्रामुख्याने संप्रेरकं ठरवतात. पापुआ न्यू गिनीतल्या किटावा बेटावरच्या लोकांची पाहणी २००२ साली प्रसिद्ध झाली. १,२०० जणांत, तरुण मुलामुलींसकट, मुरूम असलेला एकही सापडला नाही. त्यांच्या रोजच्या खाण्यात कंद, फळं, मासे आणि भरपूर नारळ. त्यांच्या जगण्यात बाकीही बरंच वेगळं होतं, अनुवंशिकता असेलच, पण स्निग्ध खाल्लं की मुरूम, हे समीकरण तिथे तरी जुळत नाही.

बदाम वगैरेंविरुद्ध एक मुद्दा मांडला जातो, तो ओमेगा-६चा. बहुतेक कवचाच्या फळांत ओमेगा-६ मेदाम्लं जास्त आणि ओमेगा-३ कमी असतात, आणि हा तोल एका बाजूला कलला तर सुजेला पोषक ठरू शकतो, असा तर्क आहे. अक्रोडात ओमेगा-३ बऱ्यापैकी, मूठभरात अडीच ग्रॅम. पण तेही वनस्पतींतल्या प्रकारचं, त्यातलं फार थोडं शरीर माशांतल्या प्रकारात बदलू शकतं. हे सगळं मी तिला सांगितलं आणि माझं मतही दिलं: तर्क म्हणून ठीक, पण एवढ्यावर बदाम सोडण्याइतका पुरावा मला दिसत नाही. उलट बदामात ई जीवनसत्त्व, काजूत जस्त असतं. तरी ते 'त्वचेसाठी' मुठीमुठीने खाऊ नयेत, असंही मी म्हणेन. ब्राझील नटमध्ये तर सेलेनियम इतकं असतं की रोज मूठभर खाल्ले तर केस गळू लागतात, नखं ठिसूळ होतात.

एका प्रकाराबाबत मात्र चर्चा करत बसू नये. काजू-शेंगदाणे खाल्ल्यावर काही मिनिटांत किंवा तास-दोन तासांत ओठ सुजले, अंगावर खाजणाऱ्या गांधी उठल्या, घसा आवळला, श्वास लागला, तर ती अ‍ॅलर्जी. ती जिवावर बेतू शकते. तेव्हा वही बाजूला ठेवायची आणि ताबडतोब दवाखाना गाठायचा. या मुलीला असलं कधी काही झालं नव्हतं.

जाता जाता एक मुलगा आठवतो. व्यायामशाळेत जाणारा, पीनट बटरला शिव्या घालणारा. त्याच पीनट बटरबरोबर तो दिवसातून दोनदा व्हे प्रोटीनचा शेक पीत होता, आणि त्याच्यावर त्याचा तिळभर संशय नव्हता, कारण तो 'फिटनेसचा' होता. दुधापासून बनणाऱ्या या पावडरीनंतर मुरूम वाढल्याच्या नोंदी त्वचारोगतज्ज्ञांनी केलेल्या आहेत. आपण कोणाला आरोपी करतो हे बरेचदा आधीच ठरलेलं असतं.

तर तिच्याकडे परत. तिसऱ्या भेटीत ती बोलत होती आणि मी तिच्या हाताकडे पाहत होते. डावं कोपर टेबलावर, हनुवटी तळव्यात, आणि मधलं बोट जबड्याच्या कडेवर सारखं फिरत होतं. उंचवटा सापडला की नखाने तपासायचं. वहीतले बहुतेक लाल आकडे डावीकडचेच होते. मी म्हटलं, "अभ्यासाला अशीच बसतेस का?" तिने हात झटकन खाली घेतला, आणि पाच मिनिटांनी तो परत तिथेच गेला. आम्ही दोघी हसलो. पहिल्यांदाच.

सुकामेव्याचा डबा बाहेर कधी निघायचा? परीक्षेच्या आधी, रात्री जागताना. स्टॅनफर्डमधल्या त्वचारोगतज्ज्ञांनी २२ विद्यार्थ्यांचे चेहरे परीक्षा नसताना आणि परीक्षेच्या काळात तपासले होते. तो अभ्यास २००३चा. ज्यांचा ताण जास्त वाढला त्यांचे मुरूम जास्त बिघडले, झोपेचा आणि आहारातल्या बदलांचा हिशेब वेगळा काढूनही. शिवाय तिच्या वहीत पाळीच्या आधीच्या आठवड्यात आकडे फुगलेले होते, आणि गोड-खारट काही चघळावंसं वाटायचं तेही त्याच दिवसांत. म्हणजे काजू आणि मुरूम हातात हात घालून येत होते हे तिचं निरीक्षण खरंच होतं. त्यांना बोलावणारा तिसराच कोणी होता.

मला खरी काळजी होती ती वहीत न लिहिलेल्या गोष्टींची. सुकामेव्यानंतर तिने तेल कमी केलं होतं, मग दूध, मग अंडी. तीन महिन्यांत चार किलो वजन गेलं होतं. चौघांत जेवायचं टाळायची, कारण कोणीतरी आग्रह करणार. स्टीव्हन ब्रॅटमन या अमेरिकन डॉक्टरांनी १९९७ साली शुद्ध खाण्याच्या या ध्यासाला 'ऑर्थोरेक्सिया' असं नाव दिलं. निदानाच्या अधिकृत यादीत तो नाही, आणि मीही तिला तो शिक्का मारला नाही. फक्त विचारलं, "यादीत पुढचा नंबर कोणाचा?" ती म्हणाली, "गहू." मग रडली. मुरमांचं नव्हतं ते रडणं. दिवसभर खाण्याचाच विचार करून ती दमली होती.

आईला बोलावून मी एकच मागणं केलं: ताटाकडे आणि चेहऱ्याकडे बघून काहीही बोलायचं नाही, चांगलंसुद्धा नाही. मुलीचं वजन भरून काढण्यापेक्षा आईंना हे कठीण गेलं.

मुलीला त्वचारोगतज्ज्ञाकडे पाठवलं. त्यांनी रात्री लावायला अडापलीनचं जेल दिलं आणि फरक दिसायला आठ ते बारा आठवडे लागतील, सुरुवातीला त्वचा सोलवटेल, हे आधीच सांगून ठेवलं. त्याच काळात तिने रोज साधे बदाम-अक्रोड मूठभर, म्हणजे ३० ग्रॅमच्या आत, खायचे ठरले. मोजणी फक्त रविवारी, एकाच खिडकीपाशी, एकच फोटो. शास्त्रशुद्ध प्रयोग म्हणाल तर हा फसलेलाच, कारण औषध आणि बदाम एकदमच सुरू झाले. तिने ते लगेच पकडलं. "मग कळणार कसं, मॅडम?" मी म्हटलं, "बदामाने पिंपल येतच असते, तर औषध चालू असतानाही वाढताना दिसले असते. तेवढं कळेल. बाकीचं नाही कळणार." तिला हे उत्तर माझ्या पहिल्या उत्तरापेक्षा बरं वाटलं असावं.

पहिले तीन रविवार वाईट गेले. चौथ्या रविवारी तिने फोटो काढलाच नाही, आणि मी विचारलंही नाही. दहाव्या आठवड्यात जबड्यावरचे तीन-चार उरले होते आणि जुने डाग. दूध आणि अंडी परत आली, गव्हाचा विषय पुन्हा निघाला नाही. अभ्यासाला बसताना तिने डाव्या हातात रबरी चेंडू धरायला सुरुवात केली होती, ही तिचीच युक्ती.

काही महिन्यांनी तोंडी परीक्षेच्या आदल्या संध्याकाळी तिचा फोन आला. नाकाच्या शेंड्यावर, बरोबर मधोमध, लालबुंद.

"मॅडम, काल मी मूठभर अक्रोड खाल्ले होते..."

मी काहीच बोलले नाही.

"हो, हो, माहितीय. आठ आठवडे," ती म्हणाली. "पण तो उद्यापर्यंत जाईल का, ते सांगा ना."

नाही जाणार, असं सांगितलं. फोडू नकोस, एवढं पुढे जोडलं.