लिलावाच्या पैशांवर बँक आणि महापालिका, दोघांचा दावा असेल तर कोर्टाला निर्णय द्यावाच लागतो का?

हो. अंधेरीतल्या तुमच्या गाळ्याच्या लिलावाची रक्कम कोर्टात जमा असेल, तर आधी बँकेचे कर्ज की महापालिकेचा थकलेला मालमत्ता कर, हे कोर्टालाच ठरवावे लागते. ‘आपसात बघून घ्या’ म्हणून चालत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ५८ नुसार जप्त मालमत्तेवर विक्रीआधी केलेले हक्काचे दावे तेच कोर्ट निकाली काढते, वेगळा खटला लावायला सांगत नाही; पैशांच्या वाटपाचे नियम कलम ७३ मध्ये आहेत. खरी अडचण पुढे आहे, कारण दोन्ही बाजूंना कायद्याचा आधार आहे. मुंबई महानगरपालिका अधिनियम, १८८८ च्या कलम २१२ प्रमाणे मालमत्ता कर हा त्या जागेवरचा पहिला बोजा. त्याच्या आधी फक्त शासनाचा जमीन महसूल. उलट सरफेसी कायद्याचे (बँकांना तारण मालमत्ता कोर्टात न जाता विकून कर्ज वसूल करू देणारा कायदा) कलम २६ई (२४ जानेवारी २०२० पासून लागू) म्हणते की नोंदणी झालेल्या तारणाचे कर्ज स्थानिक संस्थेच्या करांच्याही आधी फेडायचे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२२ मध्ये विक्रीकराच्या प्रकरणात या नोंदणीलाच निर्णायक महत्त्व दिले. म्हणून बँकेकडून सरसाई (तारणांची केंद्रीय नोंदवही) नोंदणीचा दाखला आणि तारीख आधी मागा, आणि कोर्टात लेखी अर्जासोबत तो जोडा. मात्र लिलाव बँकेने स्वतः सरफेसीखाली केला असेल, तर दाद कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे मागावी लागेल, कलम १७ खाली, बँकेच्या कारवाईपासून ४५ दिवसांत.