व्हिजिटरचे आकडे जुळत का नाहीत? वाचकांचे प्रश्न आणि उत्तरं

मागच्या अंकात स्वतःची वेबसाइट कशी सुरू करायची यावर बोललो होतो. त्यानंतर आलेल्या बऱ्याचशा मेलांमध्ये विषय एकच: साइट सुरू झाली, लोक येतायत, पण नक्की किती येतायत तेच कळत नाही. म्हणून या वेळी सगळे प्रश्न त्यावरचेच घेतलेत.

प्रश्न: माझी मराठी रेसिपींची वेबसाइट आहे. होस्टिंगच्या पॅनेलमध्ये महिन्याला ९ हजार युनिक व्हिजिटर दाखवतं आणि गूगल अ‍ॅनालिटिक्समध्ये जेमतेम २ हजार. जाहिरात देणाऱ्याला कुठला आकडा सांगू? (एक वाचक, सांगली)

ताई, अ‍ॅनालिटिक्सचा सांगा. अ‍ॅनालिटिक्स म्हणजे साइटवरच्या भेटी मोजणारी गूगलची सेवा. दुसरा खोटा आहे असं नाही, पण दोघं वेगवेगळी गोष्ट मोजतायत.

होस्टिंगचा, म्हणजे साइट ज्यांच्या सर्व्हरवर ठेवलीय त्यांचा, आकडा येतो सर्व्हरच्या लॉगमधून, म्हणजे नोंदवहीतून. कुणीही, म्हणजे अगदी कुणीही, तुमच्या सर्व्हरकडे काही मागितलं की लॉगमध्ये एक ओळ पडते. त्यात आयपी अ‍ॅड्रेस (इंटरनेटवरचा जोडणीचा नंबर), वेळ, काय मागितलं, दिलं की नाही (२०० म्हणजे दिलं, ४०४ म्हणजे असं पानच नाही), किती बाइट गेले, कुठल्या लिंकवरून आला आणि ब्राउझरने स्वतःची ओळख काय सांगितली, एवढं असतं. पुरणपोळीच्या पानावर १५ फोटो असतील तर पान एकदा उघडलं की पानाची एक ओळ, फोटोंच्या १५, वर डिझाइनच्या आणि फाँटच्या फाइलींच्या वेगळ्या. यांनाच हिट्स म्हणतात, त्यामुळे कुणी ‘माझ्या साइटला लाखभर हिट्स’ म्हणालं तर त्यावरून माणसं किती आली हे कळायला काहीच मार्ग नाही. आणि पॅनेलमधलं एडब्ल्यूस्टॅट्ससारखं सॉफ्टवेअर ज्याला युनिक व्हिजिटर म्हणतं ते महिनाभरात दिसलेले वेगवेगळे आयपी. आता फोनचा आयपी सारखा बदलत असतो, सकाळी मोबाइल डेटा, दुपारी ऑफिसचं वायफाय, रात्री घरचं, म्हणजे एकच बाई तीनदा मोजली गेली. त्यात बॉट आले, म्हणजे माणसाशिवाय आपोआप साइट उघडणारे प्रोग्राम. गूगलचा, बिंगचा, एआय कंपन्यांचे क्रॉलर, शिवाय वर्डप्रेसचं लॉगिन पान हुडकत फिरणारी स्क्रिप्टं. ओळखीचे बॉट सॉफ्टवेअर बाजूला काढतं, पण जो बॉट स्वतःला क्रोम म्हणवतो तो सरळ तुमच्या वाचकांत बसतो.

अ‍ॅनालिटिक्सचं काम उलट बाजूने चालतं, वाचकाच्या ब्राउझरमधून. तुम्ही पानात जो कोड टाकलाय तो तिथे चालतो, आधी कुकी (ब्राउझरमध्ये ठेवलेली छोटी नोंद) आहे का बघतो, नसली तर एक नवा नंबर बनवून ठेवतो (एक रँडम आकडा आणि पहिल्या भेटीची वेळ, बस) आणि मग गूगलच्या सर्व्हरला एक छोटा मेसेज पाठवतो. हा मेसेज तुम्हाला स्वतः बघता येतो आणि एकदा बघाच, अर्धे प्रश्न तिथेच सुटतात. लॅपटॉपवर क्रोममध्ये तुमचीच साइट उघडा, एफ१२ दाबा, नेटवर्क टॅबवर जा, वरच्या फिल्टरमध्ये ‘कलेक्ट’ हा शब्द इंग्रजीत टाका आणि पान रिफ्रेश करा. एक ओळ दिसेल, तिच्यावर क्लिक केलं की आत डीएल म्हणजे पानाचा पत्ता, डीटी म्हणजे पानाचं टायटल, एसआर म्हणजे स्क्रीनचा साइझ, यूएल म्हणजे भाषा आणि सीआयडी म्हणजे तो कुकीतला नंबर. रिपोर्टमधला युजर म्हणजे मुख्यतः हा सीआयडी. त्यामागे माणूस कोण आहे हे त्याला माहीतच नसतं.

म्हणून २ हजार म्हणजे २ हजार माणसं असंही धरू नका. तीच बाई क्रोममधून आली, मग इन्स्टाग्रामवरची लिंक त्याच्या आतल्या ब्राउझरमध्ये उघडली आणि रात्री लॅपटॉपवर आली की तीन युजर. आयफोनवर सफारी अशी कुकी ७ दिवसांत पुसून टाकतो, त्यामुळे दहा दिवसांनी परत आलेली जुनी वाचक तुम्हाला नवीन दिसते. उलट ज्यांनी अ‍ॅडब्लॉकर (जाहिराती आणि असे मोजणारे कोड अडवणारं साधन) लावलाय त्यांच्याकडून मेसेज जातच नाही, ते मोजलेच जात नाहीत, आणि घरात एकाच कॉम्प्युटरवर चौघं वाचत असतील तर ते एक. जाहिरातदाराला आकड्याबरोबर ‘गूगल अ‍ॅनालिटिक्सप्रमाणे, अमुक महिन्याचे अ‍ॅक्टिव्ह युजर’ एवढं लिहून द्या, म्हणजे समोरच्याला कशाची तुलना कशाशी करायची ते कळतं.

प्रश्न: पान वाचायला ५ मिनिटं लागतात आणि रिपोर्टमध्ये सरासरी वेळ ४० सेकंद. लोक वाचतच नाहीत का? (एक वाचक, ठाणे)

वाचत असतील. सध्याचं गूगल अ‍ॅनालिटिक्स, म्हणजे जीए४, पान समोर उघडं असतानाचाच वेळ धरतं, स्क्रीन बंद झाली किंवा दुसऱ्या टॅबवर गेलं की घड्याळ थांबतं. त्यात उघडून लगेच परत जाणारे सरासरी खाली ओढतात. ३० मिनिटं काहीच हालचाल नाही झाली तर सेशन, म्हणजे ती एक भेट, संपतं, त्यानंतर परत आलं की नवीन सेशन. १० सेकंदांच्या वर थांबला, किंवा दोन पानं बघितली, किंवा तुम्ही महत्त्वाची म्हणून ठरवलेली एखादी गोष्ट केली (फॉर्म भरला वगैरे) की ते सेशन एंगेज्ड, म्हणजे वाचक गुंतला, नाहीतर बाउन्स, म्हणजे आला तसा गेला. जुन्या व्हर्जनमध्ये बाउन्सची व्याख्याच वेगळी होती, एकच पान बघून गेला की बाउन्स, मग तो तिथे अर्धा तास वाचत का बसेना. ते व्हर्जन १ जुलै २०२३ ला बंद झालं, तेव्हा त्याच्या आधीचा आणि नंतरचा बाउन्स रेट शेजारी ठेवून बघू नका.

प्रश्न: आमचं साप्ताहिक कोल्हापूर जिल्ह्यात चालतं, वेबसाइटचे वाचकही इथलेच, पण शहरांच्या यादीत मुंबई आणि पुणेच वर. आमचं गाव तर यादीतच नाही. (एक संपादक, कोल्हापूर जिल्हा)

संपादकसाहेब, ही यादी आयपीवरून काढलेला अंदाज असतो, फोनचं जीपीएस त्यात नसतं. मोबाइल कंपन्या हजारो ग्राहकांना मोजक्याच सार्वजनिक आयपींच्या मागे ठेवतात आणि ते आयपी नोंदले असतात कंपनीचा गेटवे (ग्राहकांना इंटरनेटला जोडणारं केंद्र) जिथे असेल तिथे, म्हणजे बहुतेक वेळा मोठ्या शहरात. कागलमधला वाचक मोबाइल डेटावर असेल तर तो मुंबईकर म्हणून दिसू शकतो. राज्य आणि देश बऱ्यापैकी बरोबर येतात, त्यामुळे दुबई किंवा अमेरिकेतले वाचक दिसतायत तर ते गांभीर्याने घ्या. तालुक्याच्या पातळीचं मात्र या रिपोर्टवरून काही ठरवू नका. स्थानिक जाहिरातदाराला पटवायचं असेल तर त्या तालुक्याच्या बातम्यांची पानं किती वाचली गेली ते दाखवा, तो पुरावा जास्त पक्का आहे.

प्रश्न: मी लिंक फक्त व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकतो, तरी रिपोर्टमध्ये व्हॉट्सअ‍ॅप कुठेच नाही, सगळं डायरेक्ट. असं का? (एक वाचक, नाशिक)

वेबसाइटवरच्या लिंकवर क्लिक केलं की ब्राउझर पुढच्या साइटला सांगतो की मी अमुक ठिकाणाहून आलो, याला रेफरर म्हणतात. व्हॉट्सअ‍ॅपसारख्या अ‍ॅपमधून लिंक उघडली की ही माहिती बहुतेक वेळा येतच नाही, आणि जिथून आला ते कळलं नाही की अ‍ॅनालिटिक्स त्याला डायरेक्टमध्ये टाकतं. डायरेक्ट म्हणजे पत्ता टाइप करून आले असं लोक समजतात, प्रत्यक्षात तो ‘माहीत नाही’चा डबा आहे. आपल्याकडे तर अर्धा मजकूर व्हॉट्सअ‍ॅपवरूनच फिरतो, तेव्हा तो भरलेलाच असणार.

उपाय सोपा आहे, लिंकच्या शेवटी यूटीएम, म्हणजे वाचक कुठून आला ते सांगणारे शब्द, जोडायचे. सोर्स (कुठून), मीडियम (कशा प्रकारे) आणि कॅम्पेन (कशासाठी), हे तीन भरले की पुरे, गूगलचं फुकट कॅम्पेन यूआरएल बिल्डर आहे ते जोडून देतं. ही पद्धत गूगल अ‍ॅनालिटिक्सच्याही आधीची, सॅन डिएगोच्या अर्चिन नावाच्या कंपनीची. ती कंपनी गूगलने २००५ मध्ये विकत घेतली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तिच्यावरून गूगल अ‍ॅनालिटिक्स आणलं.

दोन गोष्टी सांभाळा. स्पेलिंग कायम एकसारखं आणि लहान अक्षरांत ठेवा, कारण कॅपिटल डब्ल्यू टाकला तर रिपोर्टमध्ये वेगळी ओळ पडते, आणि तीन जण मिळून लिंका टाकत असतील तर महिन्याभरात व्हॉट्सअ‍ॅपच्या चार ओळी होतात. दुसरं म्हणजे स्वतःच्याच साइटच्या आतल्या लिंकांना यूटीएम लावू नका, गूगलवरून आलेला वाचक आतल्या आतच दुसऱ्या नावावर जमा होतो. एवढं करूनही कुणीतरी तीच लिंक उचलून फेसबुकवर टाकतं आणि ती माणसं व्हॉट्सअ‍ॅपच्याच खात्यात येतात, त्याला इलाज नाही.

प्रश्न: मी आणि मित्राने अभंगांचं अ‍ॅप बनवलंय. प्ले स्टोअरवर ५० हजारांच्या वर डाउनलोड, पण फायरबेसमध्ये (अ‍ॅपचा वापर मोजणारी गूगलची सेवा) महिन्याचे अ‍ॅक्टिव्ह युजर ४ हजार. शिवाय आज बटण दाबलं तर रिपोर्टमध्ये लगेच काही दिसत नाही. (दोन इंजिनिअर, पुणे)

मित्रांनो, स्टोअरवर दिसणारा आकडा आजवरच्या एकूण इन्स्टॉलचा, ज्यांनी दुसऱ्या दिवशी काढून टाकलं तेही त्यात. त्याच्यावर जीव लावू नका. अ‍ॅपमध्ये कुकी नसते, त्याऐवजी इन्स्टॉल झाल्यावर एसडीके (फायरबेसचा तुम्ही जोडलेला कोड) प्रत्येक अ‍ॅपला एक इन्स्टन्स आयडी देतं, काढून परत टाकलं की नवीन आयडी, म्हणजे पहिल्यांदा उघडल्याची नोंद, फर्स्ट ओपनसुद्धा पुन्हा मोजलं जातं. अँड्रॉइडवर अ‍ॅप काढून टाकल्याची नोंद आपोआप येते, आयफोनवर ती येत नाही.

उशिराचं कारण बॅटरी आणि डेटा वाचवणं. प्रत्येक टॅपचा मेसेज लगेच न पाठवता फोन ते साठवतो आणि साधारण तासाभराने एकदम पाठवतो. रेंज नसली तर ते फोनमध्येच पडून राहतात आणि रेंज आली की जातात, त्यामुळे कालचा आकडा आज आणि परवा थोडा वाढलेला दिसतो. वारीच्या वाटेवर तुमचं अ‍ॅप वापरणाऱ्यांच्या बाबतीत हे हमखास होणार. टेस्टिंग करताना डीबगव्ह्यू चालू करा, त्यात सगळं लगेच दिसतं.

आयफोनवर एप्रिल २०२१ पासून, म्हणजे आयओएस १४.५ पासून, दुसऱ्या कंपन्यांच्या अ‍ॅप आणि साइटवर माणसाचा माग काढायचा तर त्याची परवानगी लागते. स्वतःच्याच अ‍ॅपमध्ये किती जण आले हे मोजायला त्याने अडत नाही, जाहिरातीवरून कोण आलं ते कळणं मात्र अवघड झालं.

तुम्ही बघायला हवं ते वेगळंच आहे: एका आठवड्यात नवीन आलेल्यांपैकी सातव्या दिवशी किती परत आले, महिन्याने किती. आणि तुमच्या अ‍ॅपसाठी एक खास गोष्ट. तुमची गर्दी तिथीवर चालते आणि अ‍ॅनालिटिक्स तारखेवर. आषाढी २०२४ मध्ये १७ जुलैला होती, २०२५ मध्ये ६ जुलैला. ‘मागच्या वर्षीचे हेच दिवस’ असं बटण दाबून तुलना केली तर एकादशीचा आठवडा साध्या आठवड्यासमोर उभा राहतो आणि अ‍ॅप अचानक वाढलं किंवा पडलं असं वाटतं. तारखा हाताने टाका, एकादशीच्या आधीचे १५ दिवस त्या वर्षीच्या तशाच १५ दिवसांशी लावा. दिवाळी अंकवाल्यांनीही हेच करावं. आणि सेटिंगमध्ये डेटा रिटेन्शन (तपशील किती काळ साठवायचा ते) आजच २ महिन्यांवरून १४ महिन्यांवर न्या, डिफॉल्ट २ च असतं, नाहीतर एक्सप्लोरेशनमध्ये (खोलात जाऊन बघायच्या रिपोर्टमध्ये) मागच्या आषाढीचा तपशील शोधायला जाल तेव्हा तो गेलेला असेल.

प्रश्न: एका एजन्सीने आमच्या प्रतिस्पर्धी साइटचं महिन्याचं ट्रॅफिक आकड्यासकट दाखवलं. हे त्यांना कळतं कसं? (एक दुकानदार, छत्रपती संभाजीनगर)

त्या साइटच्या मालकाने अ‍ॅक्सेस दिला नसेल तर तो अंदाज आहे. सिमिलरवेबसारख्या सेवा काही लोकांच्या ब्राउझिंगचा नमुना, काही साइटांनी स्वतःहून दिलेले आकडे वगैरे एकत्र करून गणित मांडतात. पूर्वी अलेक्सा या साइटांची क्रमवारी लावणाऱ्या सेवेचं रँकिंग लोक वेबसाइटच्या कपाळावर लावायचे, ते मुख्यतः ज्यांनी अलेक्साचा टूलबार टाकला होता त्यांच्यावरून निघायचं. अ‍ॅमेझॉनने १९९९ मध्ये घेतलेली ही सेवा १ मे २०२२ ला बंद झाली. मोठ्या साइटांसाठी असा अंदाज कामाला येतो. तुमच्या शहरातल्या मराठी साइटचे नमुन्यात हाताच्या बोटांवर मोजण्याइतके लोक असले तर त्यावर पैसे लावू नका.

नमुना कुठून येतो हेही विचारत जा. फेसबुकने २०१३ मध्ये ओनाव्हो नावाची कंपनी विकत घेतली, तिचं फुकट व्हीपीएन अ‍ॅप लोक सुरक्षिततेसाठी म्हणून टाकायचे आणि ते दुसरी कुठली अ‍ॅप किती वापरतात ही माहिती कंपनीकडे जायची. २०१८ मध्ये ते अ‍ॅपलच्या स्टोअरमधून निघालं आणि २०२३ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या कोर्टाने या प्रकरणी मेटाच्या (म्हणजे फेसबुकच्या) दोन कंपन्यांना २ कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला. फुकट व्हीपीएन आणि कूपन शोधून देणारी एक्स्टेन्शन टाकण्याआधी हे लक्षात असू द्या.

प्रश्न: मी एखाद्या दुकानाच्या साइटवर गेले की माझं नाव-नंबर त्यांना कळतो का? (एक वाचक, मडगाव)

नुसतं पान उघडून नाही. जीए४ आयपीसुद्धा साठवत नाही. पण साइट बनवणारा निष्काळजी असला तर फॉर्म भरल्यावर तुमचा ईमेल पुढच्या पानाच्या पत्त्यातच येतो, आणि मघाशी म्हटलं तसं पानाचा पत्ता मेसेजमध्ये जातोच, म्हणजे ईमेलही गेला. गूगलच्या नियमात हे बसत नाही तरी होतं. ‘धन्यवाद’च्या पानावर आलात की वर अ‍ॅड्रेस बारमध्ये बघा, तुमचा ईमेल किंवा नंबर दिसत असेल तर त्या दुकानाला कळवा.

साइट चालवणाऱ्यांनाही सांगणं आहे. युरोपात ऑस्ट्रियाच्या आणि फ्रान्सच्या नियामकांनी २०२२ मध्ये गूगल अ‍ॅनालिटिक्सचा त्या वेळचा वापर तिथल्या डेटा संरक्षणाच्या नियमात बसत नाही असं ठरवलं होतं, आपल्याकडेही २०२३ चा डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा आलाय. छोट्या साइटला रोज किती आले, कुठून आले, काय वाचलं एवढंच हवं असतं, त्यासाठी प्लॉझिबलसारखी कुकी न वापरणारी सेवा किंवा स्वतःच्या सर्व्हरवर टाकलेलं मॅटोमो हे भेटी मोजणारं सॉफ्टवेअर पुरतं. जे बघायलाही वेळ नाही ते गोळा करू नका.