किंकाळ्या न दाखवता मनाचा गोंधळ शॉर्ट फिल्ममध्ये कसा दाखवायचा?

तुम्ही विचारलंय की मानसिक त्रासावर प्रायोगिक शॉर्ट फिल्म करायचीय पण विस्कटलेले केस, किंकाळ्या, फुटका आरसा असलं काही नकोय, तर मग दाखवायचं कसं. मी सांगलीत गावभागातल्या आमच्या जुन्या घरात अशी एक केलीय, सात मिनिटांची, मोबाईलवर, त्यातनं कळलेलं सांगतो.

माणूस बिघडवू नका, त्याच्या आजूबाजूचं बिघडवा.

माझी मावशी रात्री उठून दाराची कडी बघते, येऊन पडते, परत उठते. मला वाटायचं विसरत असेल. तिच्या डॉक्टरांनी समजावलं की विसरत नाही हो, कडी लावलीय हे तिला माहीत असतं, पण जितक्या वेळा तपासावं तितका स्वतःच्या डोळ्यांवरचा भरवसा कमी होत जातो. ते ऐकलं आणि फिल्म तिथंच सापडली! मावशीला विचारूनच केली. तीच चाल ६ वेळा, अभिनय एकसारखा, फक्त दर वेळी एडिटमध्ये बोळ थोडा लांबवला आणि कडी थोडी आउट ऑफ फोकस.

हे पुन्हा पुन्हा दाखवणं मी 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' बघून शिकलो. माया डेरेन आणि तिचा नवरा अलेक्झांडर हॅमिड यांनी १९४३ साली लॉस एंजेलिसमधल्या स्वतःच्या घरात केलेली, जेमतेम १४ मिनिटं, संवाद एकही नाही, तीच बाई त्याच वाटेनं परत परत घरात येते आणि किल्ली, सुरी, फोन असल्या रोजच्या वस्तूंचीच भीती वाटायला लागते. डेरेनचे वडील मानसोपचारतज्ज्ञ होते, तरी फिल्ममध्ये आजाराचं नाव कुठंच नाही, हे मला फार मोलाचं वाटतं. आत्ता ऐकू येतं ते संगीत तेइजी इटोचं, ते १९५९ साली घातलं, त्यामुळे एकदा आवाज बंद करूनच बघा.

आवाजात मी आधी चुकलो होतो. मिरजेच्या मित्राकडनं सतार वाजवून घेतली, वाजवलीही सुंदर त्यानं, पण आता घाबरा, आता वाईट वाटून घ्या असं ती सांगायला लागली, म्हणून काढली. नुसती पंख्याची करकर ठेवली, दर फेरीला किंचित वाढवत.

मावशीला दाखवली तेव्हा ती बराच वेळ गप्प बसली, मग म्हणाली, "शेवटी कडी दिसत नाही ते बरोबर हाय, पण पंखा अजून मोठा कर." केला.